छायेमागचा माणूस

चित्रपटगृहातून बाहेर पडणाऱ्या प्रेक्षकांच्या तोंडी नट-नटींची नावे असतात. थोडा जाणता प्रेक्षक दिग्दर्शकाचे नाव घेतो, गाण्यांचा शौकीन संगीतकाराचे. परंतु ज्याच्या डोळ्यांनी आपण ते सारे पाहिले त्या छायालेखकाचे नाव विचारले, तर शंभरातले नव्याण्णव गप्प बसतील. यात प्रेक्षकांचा दोष आहे असे आम्हांला वाटत नाही. दिवा लावला म्हणजे आपण खोली पाहतो, दिव्याकडे पाहत बसत नाही. परंतु ज्यांनी इतिहास लिहावयाचा, पारितोषिके द्यावयाची आणि संग्रह जपावयाचे, त्यांनीही दिव्याकडे पाठ फिरवावी हे मात्र क्षम्य नव्हे. आज या स्तंभात आम्ही अशाच एका विस्मृत माणसाचे स्मरण करणार आहोत. जोसेफ विर्शिंग हे त्यांचे नाव. जन्माने ते जर्मन होते. परंतु त्यांच्या हातून घडलेले बहुतेक सारे मोलाचे काम मुंबईच्या मालाड-अंधेरी परिसरात घडले.

विर्शिंग यांच्याकडे वळण्यापूर्वी त्यांच्याच पिढीतील आणि त्याच परंपरेतील दुसऱ्या एका छायालेखकाकडे पाहणे उद्बोधक ठरेल. कार्ल फ्रॉइंड यांचा जन्म १८९० सालचा, बोहेमियातला. पण त्यांची कीर्ती झाली ती बर्लिनमध्ये. कॅमेरामन हा पडद्यावर दिसावयाचा नसतो, या नियमाला फ्रॉइंड हे एक मौजेचे अपवाद होते. डॅनिश दिग्दर्शक कार्ल ड्रायर यांनी १९२४ साली जर्मनीत ‘मायकेल’ हा मूकपट काढला. त्याच्या चित्रणात फ्रॉइंड यांचा वाटा होताच. शिवाय एका चित्रविक्रेत्याची छोटी भूमिकाही त्यांनी केली. गृहस्थ देहाने चांगलेच स्थूल असल्यामुळे पडदा भरून दिसले असतील यात शंका नाही! परंतु नट म्हणून त्यांना कोणी लक्षात ठेवले नाही, आणि तशी त्यांचीही अपेक्षा नसावी. त्याच वर्षी एफ. डब्ल्यू. मुर्नाउ यांच्या ‘द लास्ट लाफ’ या चित्रपटात त्यांनी जे केले त्याने मात्र चित्रपटकलेची दिशा बदलली. तोपर्यंत तिवईवर खिळलेला कॅमेरा त्यांनी सोडवला, स्वतःच्या अंगावर बांधला आणि पात्राच्या बरोबरीने चालता केला. एका वृद्ध द्वारपालाचा गणवेष जातो, त्याबरोबर त्याची प्रतिष्ठाही जाते, एवढीच ती कथा. परंतु त्याच्या डोळ्यांपुढे फिरणारे जग प्रेक्षकांच्याही डोळ्यांपुढे फिरले, ते या हिंडत्या-फिरत्या कॅमेऱ्यामुळे. पुढे १९२७ साली फ्रिट्झ लांग यांच्या ‘मेट्रोपोलिस’च्या चित्रणातही फ्रॉइंड होते.

१९२९ साली फ्रॉइंड अमेरिकेला गेले. ‘ड्रॅक्युला’ (१९३१) त्यांनी चित्रित केला, ‘द ममी’ (१९३२) स्वतः दिग्दर्शित केला आणि ‘द गुड अर्थ’ या १९३७ सालच्या चित्रपटासाठी ऑस्कर पारितोषिक मिळवले. ते ज्यू होते. हिटलरच्या अमदानीत आपल्या मुलीला त्यांनी वेळीच अमेरिकेत आणले म्हणून ती वाचली. पहिल्या पत्नीचा अंत मात्र नाझींच्या बंदिवासात झाला. पुढे १९५१ पासून दूरचित्रवाणीवरील ‘आय लव्ह ल्यूसी’ या विनोदी मालिकेसाठी त्यांनी एकाच वेळी तीन कॅमेरे चालतील आणि प्रत्येक वेळी दिवे हलवावे लागणार नाहीत अशी सपाट, सर्वदूर सारखी प्रकाशयोजना बसवली. आज जगभरच्या स्टुडिओंत जी पद्धत सर्रास दिसते तिची पाळेमुळे अशी एका जुन्या मूकपटवाल्याच्या खटपटीत आहेत. १९६९ साली ते वारले. पाश्चात्त्य चित्रपटांच्या इतिहासात त्यांचे नाव आदराने घेतले जाते.

फ्रॉइंड पश्चिमेला गेले, विर्शिंग पूर्वेला आले. एकाचे नाव जगाला ठाऊक झाले, दुसऱ्याचे नाव ज्या देशासाठी त्यांनी हयात वेचली त्या देशालाही धड ठाऊक नाही. हा फरक गुणवत्तेचा आहे काय? आमच्या मते तसा तो मुळीच नाही. तो जतन करणाऱ्यांच्या आणि न करणाऱ्यांच्या वृत्तीतला फरक आहे.

जोसेफ विर्शिंग यांचा जन्म १९०३ साली म्युनिकमध्ये झाला. तेथील एमेल्का या चित्रपटसंस्थेत त्यांनी उमेदवारी केली. १९२५ च्या सुमारास हिमांशु राय नावाचे एक बंगाली तरुण बुद्धचरित्रावर चित्रपट काढण्याची कल्पना घेऊन एमेल्काच्या दारी गेले होते. पैसा हिंदुस्थानातला, यंत्रे व तंत्रज्ञ जर्मनीचे आणि नट हिंदी, असा तो करार होता. फ्रान्झ ऑस्टेन हे दिग्दर्शक आणि विली किरमायर व विर्शिंग हे छायालेखक अशी मंडळी बोटीने हिंदुस्थानात आली. ‘लाइट ऑफ एशिया’ ऊर्फ ‘प्रेम संन्यास’ हा तो चित्रपट. गौतमाची भूमिका खुद्द राय यांनी केली. जयपूरच्या महाराजांचे साहाय्य लाभले आणि हत्ती, घोडे, राजवाडे यांचा खराखुरा थाट पडद्यावर उतरला. विर्शिंग तेव्हा अवघे २२ वर्षांचे होते. रंगवलेल्या पडद्यांसमोर आणि कृत्रिम दिव्यांच्या उजेडात शिकलेल्या त्या तरुणाला येथील ऊन कसे वाटले असेल, याची आम्ही कल्पनाच करू शकतो. तेथील उन्हात मऊपणा असतो. आपल्याकडचे ऊन माथ्यावर येऊन डोळ्यांच्या खोबणीत काळ्या सावल्या पाडते. या उन्हाशी जुळवून घेणे हीच त्यांची हिंदुस्थानातील पहिली शाळा झाली.

नऊ वर्षांनी, १९३४ साली, हिमांशु राय व देविकाराणी यांनी मालाड येथे ‘बॉम्बे टॉकीज’ची स्थापना केली. फ्रामरोझ दिनशा यांच्या मालमत्तेवरील बंगला आणि भोवतालची विस्तीर्ण जागा कंपनीला मिळाली. भागभांडवल उभारून, संचालक मंडळ नेमून, रीतसर हिशेब ठेवून चित्रपट काढावयाचे ही गोष्ट त्या काळी नवलाची होती. देविकाराणींनी बर्लिनच्या उफा स्टुडिओत काम पाहिले होते. साहजिकच राय दांपत्याने जुने जर्मन सहकारी पुन्हा बोलावले. ऑस्टेन आले, विर्शिंग आले, नेपथ्यासाठी कार्ल फॉन श्प्रेटी आले, रसायनशाळेसाठी विल्हेल्म झोले आले. १९३५ सालच्या ‘जवानी की हवा’पासून या मंडळींचे काम सुरू झाले. ‘अछूत कन्या’, ‘जीवन नैया’, ‘जन्मभूमी’, ‘सावित्री’, ‘भाभी’, ‘कंगन’ असे बोलपट पाठोपाठ निघाले आणि त्यांच्या कॅमेऱ्यामागे विर्शिंग होते.

येथे एक गोष्ट मराठी वाचकांनी लक्षात घेण्याजोगी आहे. जर्मन तंत्राचे आकर्षण एकट्या बॉम्बे टॉकीजलाच होते असे नाही. ‘प्रभात’च्या शांतारामबापूंनी १९३३ साली ‘सैरंध्री’ला रंग देण्याच्या जिद्दीने थेट जर्मनी गाठली होती. रंगाचा तो प्रयोग फसला. पण पुढच्याच वर्षीच्या ‘अमृतमंथन’मधील छायाप्रकाशाची आणि राजगुरूच्या डोळ्याच्या त्या प्रचंड समीपदृश्याची जादू पाहिली, म्हणजे तो प्रवास वाया गेला नाही हे पटते. फरक इतकाच की, ‘प्रभात’ने विद्या तेथे जाऊन पाहिली, ‘बॉम्बे टॉकीज’ने ती विद्या जाणणारी माणसेच येथे आणली. आणि आणलेल्या माणसांनी ती हातची राखली नाही. विर्शिंग यांच्या हाताखाली येथील तरुण तयार झाले. त्यांच्यापैकी आर. डी. परींजा यांनीच पुढे ‘किस्मत’ (१९४३) या विक्रमी बोलपटाचे चित्रण केले. परदेशी तज्ज्ञाला बोलावणे योग्य की अयोग्य या वादाचा निकाल आमच्या मते एवढ्यावरच लागावा, की तो गेल्यानंतर मागे काय उरले? बॉम्बे टॉकीजमध्ये हिंदी माणसांची एक जाणती फळी उरली.

कॅमेऱ्यामागून कॅमेऱ्यापुढे येण्याचा योगही या स्टुडिओत एकदा असा आला की त्याने हिंदी चित्रपटाचा इतिहास बदलला. १९३६ साली ‘जीवन नैया’चा नायक ऐन वेळी दूर झाला. तेव्हा हिमांशु राय यांनी रसायनशाळेत काम करणाऱ्या कुमुदलाल गांगुली नावाच्या तरुणाला पुढे केले. ऑस्टेन यांना हा चेहरा नटाचा वाटत नव्हता, असे सांगितले जाते. पण मालकांचा आग्रह टिकला आणि अशोककुमार उदयाला आले. त्याच वर्षीच्या ‘अछूत कन्या’ने त्यांना व देविकाराणींना घरोघरी पोहोचवले. रेल्वेच्या फाटकावरील पहारेकऱ्याची अस्पृश्य मुलगी आणि ब्राह्मणाचा मुलगा यांची ती शोकांतिका. निरंजन पाल यांची कथा, सरस्वतीदेवी या पारशी विदुषीचे संगीत, जर्मन दिग्दर्शक, जर्मन कॅमेरा, आणि विषय मात्र या भूमीच्या काळजातला! संकुचित दृष्टीने स्वदेशीचा हिशेब मांडणाऱ्यांनी या एका चित्रपटाची कूळकथा अवश्य वाचावी.

विर्शिंग यांनी या पडद्यावरच्या माणसांना जो उजेड दिला तो निरखून पाहण्यासारखा आहे. तत्पूर्वीच्या आमच्या बोलपटांत समोरून भरपूर उजेड टाकण्याची रीत होती. चेहरा दिसला म्हणजे झाले. विर्शिंग यांनी उजेड बाजूने आणला, मागून आणला. केसांभोवती एक तेजोरेषा उमटली, गालाचा उतार दिसला, पात्र आणि भिंत यांच्यामध्ये हवा आहे असे भासू लागले. अंधार म्हणजे उणीव नव्हे, तेही एक साधन आहे, हा जर्मन मूकपटाचा धडा त्यांनी येथे रुजवला.

आणि मग १९३९ सालचा सप्टेंबर उजाडला. युद्ध पुकारले गेले आणि इंग्रज सरकारच्या लेखी मालाडचे हे जर्मन एका रात्रीत शत्रुराष्ट्राचे प्रजाजन झाले. येथे आम्ही काहीही झाकून ठेवू इच्छीत नाही. ऑस्टेन हे १९३६ पासून नाझी पक्षाचे सभासद होते. ‘अछूत कन्या’ दिग्दर्शित करणारा माणूस त्याच वर्षी त्या पक्षाची वर्गणी भरतो, ही विसंगती कोणत्याही शब्दांनी मिटणारी नाही. वयोमानामुळे त्यांची सुटका झाली आणि ते मायदेशी परतले. विर्शिंग यांच्या वाट्याला मात्र युद्धकाळाची प्रदीर्घ स्थानबद्धता आली. अहमदनगर, देवळाली, डेहराडून अशा ठिकाणच्या छावण्यांत त्या काळी हिंदुस्थानातील जर्मनांना ठेवले जाई. त्यांत नाझी होते, मिशनरी होते, व्यापारी होते, एवढेच नव्हे तर हिटलरच्या छळाला कंटाळून पळून आलेले ज्यूही आरंभी त्यांत सापडले. ज्या अहमदनगरने पुढे किल्ल्यात पंडित नेहरूंना बंदिवान पाहिले, त्याच गावाने काटेरी तारांमागे हेही लोक पाहिले. ऐन उमेदीची वर्षे एका कलावंताने कॅमेऱ्याविना काढली. मधल्या काळात, मे १९४० मध्ये, हिमांशु रायही निवर्तले.

सुटका झाल्यानंतर विर्शिंग यांना जर्मनीला परत जाता आले असते. पण ते येथेच राहिले. ज्या राज्यसत्तेने त्यांना कोंडून ठेवले ती सत्ता लवकरच गेली. ज्या लोकांत ते काम करीत होते ते लोक राहिले. १९४९ साली बॉम्बे टॉकीजचाच ‘महल’ पडद्यावर आला. दिग्दर्शनात कमाल अमरोही नवखे होते, मधुबाला अवघ्या सोळा वर्षांची होती. परंतु कॅमेऱ्यामागचा हात मुरलेला होता. ओसाड वाडा, दोनाचे ठोके देणारे घड्याळ, बागेतला झोपाळा, पाण्यावरची नाव, दिवा घेऊन जाणारी एक आकृती. या चित्रपटात भीती उत्पन्न होते ती कोणत्याही भुताने नव्हे, तर उजेड जेथे संपतो त्या रेषेने. आजही हा चित्रपट पाहताना तीच रेषा अंगावर काटा आणते.

याच ‘महल’च्या संदर्भात एक योगायोग आम्हां गोमंतकीयांना विशेष जिव्हाळ्याचा आहे. या चित्रपटाच्या सुप्रसिद्ध गाण्याची तबकडी बाजारात आली, तेव्हा तिच्यावर गायिकेचे नाव ‘कामिनी’ असे छापले होते. कामिनी हे चित्रपटातील पात्राचे नाव! प्रत्यक्ष गाणारी होती मंगेशीच्या दीनानाथांची कन्या, लता मंगेशकर. म्हणजे पहा, ज्या चित्राने सारा देश झपाटला त्यातला उजेड एका निनावी जर्मनाचा होता आणि त्यातला सूर एका निनावी गोमंतककन्येचा. पुढे लताबाई गप्प बसल्या नाहीत. पार्श्वगायकांना स्वतंत्र मान मिळावा यासाठी त्यांनी आग्रह धरला आणि १९५९ पासून फिल्मफेअरने पार्श्वगायनाचे पारितोषिक सुरू केले. सुराला नाव मिळाले. उजेडाचे नाव मात्र जाणकारांच्या वर्तुळापलीकडे फारसे गेलेच नाही.

विर्शिंग यांचे अखेरचे मोठे काम म्हणजे ‘पाकीजा’. १९५६ च्या सुमारास हा चित्रपट कृष्णधवल स्वरूपात सुरू झाला. मग रंग आला, मग रुंद पडदा आला, आणि प्रत्येक वेळी अमरोहींनी नव्याने आरंभ केला. १९६० साली ‘दिल अपना और प्रीत पराई’चे चित्रणही विर्शिंग यांनी केले. अमरोही आणि मीनाकुमारी यांच्या दुराव्यामुळे ‘पाकीजा’ मध्येच थांबला. तो पूर्ण झालेला पाहण्याचे भाग्य विर्शिंग यांना लाभले नाही. १९६७ साली त्यांचे निधन झाले. उरलेले चित्रण इतरांनी निभावून नेले आणि फेब्रुवारी १९७२ मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर पाच वर्षांनी, चित्रपट प्रदर्शित झाला. मार्चअखेरीस मीनाकुमारीही गेल्या. श्रेयनामावलीत विर्शिंग यांचे नाव आहे. परंतु ते वाचण्याइतका वेळ पडद्याकडे पाहतो कोण?

विर्शिंग यांनी आणखी एक काम केले होते, आणि तेच आज सर्वांत मोलाचे ठरत आहे. चित्रीकरण चालू असताना ते स्वतः स्थिरचित्रे टिपून ठेवीत. नटांच्या तसबिरी तर त्यांत आहेतच. पण दिवे उचलणारे कामगार, रंगभूषा करून घेणाऱ्या नायिका, उन्हात छत्री धरून उभे असलेले साहाय्यक, अर्धवट उभारलेली नेपथ्ये हेही आहे. हा हजारो चित्रांचा ठेवा कोणत्याही सरकारने जपला नाही. तो त्यांच्या कुटुंबीयांनी जपला. २०१७ च्या डिसेंबरात सेरेंडिपिटी कला महोत्सवात त्यातील निवडक चित्रांचे प्रदर्शन आपल्या पणजीतच भरले होते आणि २०२३ साली देबश्री मुखर्जी यांच्या संपादनाखाली त्यावर एक ग्रंथही निघाला. पणजीतले ते प्रदर्शन आपल्यापैकी किती जणांनी पाहिले, हा प्रश्न आम्ही वाचकांइतकाच स्वतःलाही विचारतो.

कोणी म्हणेल, जुन्या तसबिरींसाठी एवढा शोक कशाला? त्याला आमचे उत्तर साधे आहे. चित्रपट ही वस्तूच मुळी नाशवंत आहे. जुन्या नायट्रेट फिती पेट घेतात. नंतरच्या ॲसिटेट फिती उष्ण व दमट हवेत आंबून आकसतात, त्यांना शिरक्यासारखा वास येऊ लागतो आणि चित्र कायमचे जाते. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले आणि पी. के. नायर यांनी अक्षरशः दारोदार फिरून फिती गोळा केल्या. तरीही मूकपटांपैकी फारच थोडे हाती लागले, आणि ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यातच लागलेल्या आगीत अनेक अनमोल नायट्रेट फितींची राख झाली. २०२२ साली हे संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले. जेथे चित्रपटच उरला नाही तेथे एखादे स्थिरचित्र हाच त्याचा एकमेव साक्षीदार असतो. विर्शिंग यांच्या घरातील पेट्या उघडल्या नसत्या, तर बॉम्बे टॉकीजच्या कामकाजाचे निम्मे ज्ञान आपण गमावून बसलो असतो.

हा प्रश्न आम्ही गोव्यात उपस्थित करतो याला आणखी एक कारण आहे. २००४ पासून भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव पणजीत भरतो. त्यासाठी वास्तू उभ्या राहिल्या, रस्ते सजले, कोट्यवधी रुपये खर्च झाले. परंतु चित्रपटाशी गोमंतकाचे जे खरे रक्ताचे नाते आहे त्याची नोंद कोठे आहे? मुंबईच्या ध्वनिमुद्रण-कक्षांतून अनेक दशके व्हायोलिन, ट्रंपेट आणि पियानो वाजवणारे हात बहुतांशी गोमंतकीय होते. चर्चच्या शाळांतून पाश्चात्त्य स्वरलिपी शिकलेल्या या वादकांनी आणि संयोजकांनी संगीतकारांच्या चालींना भरजरी वस्त्रे चढवली. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, सेबास्टियन डिसोझा अशी मोजकी नावे जाणकारांना ठाऊक आहेत. बाकीचे विर्शिंग यांच्याहूनही निनावी राहिले. त्यांच्या हस्तलिखित स्वरलिपी, छायाचित्रे आणि पत्रे आजही सासष्टी-बार्देशातील जुन्या घरांच्या माळ्यांवर असतील, आणि आपला पावसाळा काही कोणाची गय करीत नाही.

म्हणून आमची सूचना अशी आहे: महोत्सवाच्या रोषणाईवर जो खर्च होतो त्यातील एक अल्प भाग दर वर्षी बाजूला काढून, मुंबईच्या चित्रपटसृष्टीत काम केलेल्या गोमंतकीय वादक, तंत्रज्ञ व कलावंतांच्या कागदपत्रांचा, छायाचित्रांचा आणि आठवणींचा एक कायम संग्रह उभारावा. त्यासाठी भव्य वास्तूची गरज नाही. हवा कोरडी राखणाऱ्या दोन खोल्या, एक जाणता संग्रहपाल आणि घरोघर फिरणारे चार उत्साही तरुण एवढे आरंभाला पुरेसे आहे. काम तातडीचे आहे, कारण ज्यांना त्या चित्रांतील चेहरे ओळखता येतात अशी माणसे दर वर्षी कमी होत आहेत. चेहऱ्याचे नाव सांगणारा गेला म्हणजे तसबीर राहूनही अर्धी गेलीच.

म्युनिकचा एक तरुण कॅमेरा घेऊन या देशात आला, येथील उन्हाशी त्याने जमवून घेतले, येथील बंदिवास भोगला आणि तरीही तो येथेच राहिला. त्याने आपल्याकडे कधी काही मागितले नाही. त्याच्या नावाची एखादी कमान उभारून त्याचे ऋण फिटणार नाही. पुढच्या वेळी ‘महल’ किंवा ‘पाकीजा’ पाहताना आरंभीची नामावली सरकू लागेल, तेव्हा घटकाभर बोलणे थांबवून ती वाचावी, आणि आपल्या घराच्या माळ्यावर एखादी जुनी पेटी असेल तर पावसाळ्यापूर्वी ती उघडून पाहावी. एवढे झाले तरी आमच्या लिहिण्याचे सार्थक झाले असे आम्ही समजू.